मार खाणाऱ्या खांबाची साक्ष

मी एक जुना, मार खाणारा खांब आहे. मित्रांनो, हसू नका. जगात मार खाणारे पुष्कळ असतात. पण मार खाणे हेच ज्याचे काम आहे आणि मारणारे ज्याला आधी वाकून नमस्कार करतात, असा मी एकटाच असेन. जपानी लोक मला माकिवारा म्हणतात. कराटे शिकणारे माझ्यावर मुठी मारून आपला हात आणि मन दोन्ही घट्ट करतात. ‘तोंड दाबून बुक्क्यांचा मार’ ही म्हण तुम्ही ऐकली असेल. ती माझ्यावरूनच निघाली असावी, असे मला पूर्वी मोठ्या ऐटीत वाटत असे. बुक्क्यांचे मला कधीच काही वाटले नाही. पण तोंड नसल्याचे दुःख काय असते, ते मला गेल्या शरदात कळले. तेच तुम्हाला सांगायचे आहे.

माझा जन्म ॲशच्या झाडाचा. हे लाकूड चिवट असते, वाकते पण मोडत नाही. पूर्वी इथे कॅनडात हॉकीच्या काठ्या याच लाकडाच्या करत. माझ्या भावंडांच्या काठ्या झाल्या, ती बर्फावर गेली, टीव्हीवर दिसली. मी मात्र डार्टमथमधल्या एका चर्चच्या बेसमेंटमध्ये आलो. हॅलिफॅक्सहून फेरीबोटीत बसले की दहा-बारा मिनिटांत बंदराच्या अलीकडे, आमच्या काठाला लागता येते. तिथून चढावर पाच मिनिटे चालले की आमचे चर्च. बेसमेंटच्या जिन्याखाली बुटांचे कपाट आहे, त्याच्या शेजारी वॉशरूम, आणि समोरच्या भिंतीपाशी मी उभा आहे, सत्तेचाळीस वर्षे.

मला घडवले वॉरन बूड्रो यांनी. सगळे त्यांना सेन्सेई म्हणतात, म्हणजे गुरुजी. केप ब्रेटनच्या एका कोळ्याचा हा मुलगा जहाजावर सुतार होता. तो तेवीस वर्षांचा असताना त्याचे मालवाहू जहाज जपानमधल्या ओकिनावाच्या बंदरात बिघडून पडले. दुरुस्तीला तीन आठवडे लागणार होते. रिकामपणी गावातून भटकताना त्याला एका अंगणात एक म्हातारे गृहस्थ दिसले. ते एका खांबासमोर वाकले, खांबाला ठोसे मारले आणि पुन्हा वाकले. वॉरन कुंपणापाशी उभा राहिला. तीन आठवड्यांनी जहाज निघून गेले. वॉरन पाच वर्षांनी निघाला.

त्या म्हाताऱ्या गुरुजींनी पहिले तीन महिने त्याला खांबाला हात लावू दिला नाही. भाताचा पेंढा भिजवायचा, कुटायचा, त्याचा दोर वळायचा आणि तो खांबाच्या डोक्याशी घट्ट गुंडाळायचा, एवढेच काम. दोर वळताना ज्याचे मन थाऱ्यावर नसते, त्याची मूठही थाऱ्यावर राहत नाही, असे ते म्हणत. त्यांचा दुसरा नियम याहून कडक होता. खांबाच्या दोरावर रक्त दिसले, तर ज्याचे रक्त त्याने महिनाभर खांबाला शिवायचे नाही. कारण शांतपणे मारणाऱ्याची साल निघायच्या आत त्याला ती कळते. रागाने मारणाऱ्याला कळत नाही. महिना संपला की त्याने आपला डागाळलेला दोर स्वतः सोडायचा आणि नवा वळून बांधायचा.

हे दोन नियम आणि दोराचे एक वेटोळे घेऊन वॉरन घरी आले. दिवसा नौदलाच्या गोदीत सुतारकाम करत आणि संध्याकाळी शिकवत. गोदीतल्या भंगारातून मला उचलून त्यांनी तासले, वर पातळ आणि खाली जाड केले, आणि जमिनीत पक्के बसवले. आसपासचे लोक हसले. कोळ्याचा पोर जाळी विणायची सोडून बेसमेंटमध्ये बसून दोर वळतो, म्हणाले. वॉरन दोर वळत राहिले. सुंभ जळला तरी पीळ जळत नाही, तसा त्यांचा स्वभाव. त्यांनी संसार केला नाही असेही लोक म्हणतात. मी म्हणतो, केला. आमच्याशी केला.

माझ्याही आयुष्यात मानाचे दिवस येऊन गेले. एक काळ असा होता की सिनेमे पाहून साठ-साठ जण नाव नोंदवायला येत. तीन महिने दोर वळायचा म्हटल्यावर साठाचे आठ होत. पण ते आठ असे टिकत की त्यांची मुलेही पुढे इथेच शिकली. मग महामारीचे दिवस आले. चर्चला कुलूप लागले आणि दीड वर्ष मी अंधारात उभा राहिलो. माझा दोर सैल झाला, अंगावर बुरशी आली. मार चुकला म्हणून मी खूश झालो असेन, असे तुम्हाला वाटेल. नाही मित्रांनो. मला माझे काम हवे होते. कुलूप उघडल्या दिवशी वॉरननी आधी माझी बुरशी पुसली आणि मगच दिवे लावले.

आता मी मराठीत कसा बोलतो, ते सांगतो. ते प्रमिलाताईंमुळे. त्या इथल्या एका हॉस्पिटलात पॅथॉलॉजिस्ट होत्या, म्हणजे काचपट्टीवर रक्ताचे थेंब घेऊन आजार ओळखणाऱ्या डॉक्टर. बत्तीस वर्षांपूर्वी त्या आपल्या मुलाला, जयदीपला, इथे सोडायला आल्या. जयदीपने दुसऱ्याच आठवड्यात पेंढा टाकला आणि ‘मॉम, धिस इज सो बोरिंग’ म्हणून गाडीत जाऊन बसला. प्रमिलाताईंनी तो पेंढा उचलला आणि सहज वळून दाखवला. लहानपणी साताऱ्याला त्यांनी देवासाठी हजारो वाती वळल्या होत्या. तो एकसारखा, बारीक पीळ पाहून वॉरन थक्क झाले. त्या वेळी ताई सेहेचाळीस वर्षांच्या होत्या. मुलगा गेला, आई राहिली. तेव्हापासून मला ठोसे मारताना त्या पुटपुटत, “हा त्या मीटिंगवाल्यांसाठी, हा आमच्या बर्फ काढणाऱ्या माणसासाठी.” बत्तीस वर्षे असे ऐकल्यावर दगडालाही मराठी येईल, मी तर लाकूड आहे.

आणि चार वर्षांपूर्वी रुचा आली. नागपूरची मुलगी, हॅलिफॅक्समध्ये सॉफ्टवेअरचे काम करणारी. बोलण्यात तिखट, पण हातात विलक्षण शांतपणा. तिचा ठोसा आला की मी अगदी हवा तेवढाच वाकत असे आणि तिच्या मुठीबरोबर परत येत असे. असे जमणारी माणसे मला सत्तेचाळीस वर्षांत तीन भेटली.

गेल्या दोन वर्षांत वॉरनचा उजवा हात थरथरू लागला होता. ते एकोणऐंशी वर्षांचे झाले होते. एका संध्याकाळी सगळे गेल्यावर त्यांनी प्रमिलाताईंना सांगितले, “डॉक्टर म्हणतात, या हाताची मूठ अजून काही महिनेच वळेल. वसंतापर्यंत या वर्गाची किल्ली द्यायची आहे.”

“कोणाला?” ताईंनी विचारले. ती दोघे इंग्रजीत बोलत, पण मी तुम्हाला मराठीत सांगतो आहे.

“रुचाला. तिला अजून सांगू नकोस. मला तिला थोडं अजून पाहायचं आहे.”

सत्तेचाळीस वर्षे पेटता ठेवलेला दिवा त्यांना एका योग्य हातात द्यायचा होता आणि हाताशी दिवस थोडे होते. हे तिघांनाच ठाऊक होते. त्यातला तिसरा मी.

त्या वर्षी खंडेनवमी बुधवारी आली. बुधवार आणि शनिवार हे आमच्या वर्गाचे दिवस. वर्ग संपला, सगळे बूट घालून गेले, वॉरनही वर दिवे बंद करायला गेले. रुचा एकटी मागे राहिली. ती माझ्यासमोर आली आणि वाकलीच नाही. तिने मारायला सुरुवात केली. एक, दोन, तीन. मी राग ओळखतो, मित्रांनो. तो ठोसा आत जात नाही, वरच फुटतो. सहा ठोसे बसले. सातव्याला तिची मूठ माझ्यापासून वीतभर अंतरावर थांबली. तिने मूठ उघडली, कपाळ माझ्या दोरावर टेकले आणि ती रडली. “बाबा, सॉरी,” एवढेच म्हणाली. मग माझ्यासमोर वाकली आणि निघून गेली.

ती जिना चढून गेली आणि चार-पाच मिनिटांनी प्रमिलाताई दुसऱ्या दाराने आत आल्या. गाडीतून एक छोटा डबा आणायला त्या गेल्या होत्या. खंडेनवमीला आपण शस्त्रांची, अवजारांची पूजा करतो. ताई दरवर्षी घरी आपल्या जुन्या मायक्रोस्कोपची पूजा करत. या वर्षी त्यांच्या मनात आले, वॉरन पुढच्या वर्षी इथे असतील की नाही कोण जाणे, या खांबाला एकदा तरी हळदकुंकू लावू या. त्यांनी माझ्या दोरावर, अगदी जिथे ठोसे बसतात तिथे, पाण्यात कालवलेल्या कुंकवाचे बोट ओढले. हळदीची डबी आणायची राहिलीच होती. चार अक्षता टाकल्या, एक पिवळे मेपलचे पान ठेवले आणि हात जोडले. मग सेन्सेईंना पसारा खपत नाही हे आठवून त्यांनी पान उचलले, अक्षता वेचल्या. कुंकू तेवढे राहिले. दुसऱ्या दिवशी दसऱ्याला त्या जयदीपकडे मिसिसागाला विमानाने गेल्या. आयुष्यात मला पहिल्यांदा कोणी कुंकू लावले होते. खरे सांगतो, मी मनातून फुललो होतो.

बेसमेंटमधल्या ओलीने ते कुंकू दोरात ओघळले, पसरले. शनिवारी अकरा विद्यार्थी रांगेत उभे होते. वॉरन माझ्यासमोर वाकले, मान वर केली आणि तसेच थांबले.

“हे कोणाचं?” त्यांनी विचारले.

रुचाने आपल्या मुठीकडे पाहिले. बुधवारच्या त्या सहा ठोशांनी तिच्या बोटांची साल थोडी सोलवटली होती. तिने एक पाऊल पुढे टाकले.

“माझं, सेन्सेई. बुधवारी. मी रागात होते.”

आता वॉरन विचारतील, असे मला वाटले. का रागावली होतीस, एवढेच तर विचारायचे होते. पण ते म्हणाले, “नियम तुला माहीत आहे.” तिने मान हलवली, सर्वांना वाकून नमस्कार केला, बॅग उचलली आणि गेली. वॉरननी माझ्या दोरावर एक पांढरे फडके बांधले. रुचाचा महिना भरेपर्यंत डाग तसाच राहणार होता.

चोर सोडून संन्याशाला फाशी, असे म्हणतात. इथे तर चोर नव्हताच. साक्षीदार मात्र एक होता, आणि तोच मुका. मी लाकूड आहे, पण त्या दिवशी मी आतून चिरत गेलो. मला ओरडायचे होते की हे कुंकू आहे, त्या मुलीने सातवा ठोसा थांबवला आहे, तिला विचारा तरी.

पुढच्या बुधवारी रुचा आली नाही. शनिवारीही आली नाही. ऑफिसचे काम वाढले आहे, असा तिचा निरोप आला. वर्ग संपल्यावर वॉरन माझ्यासमोर खुर्ची ओढून बसले. त्यांचा उजवा हात मांडीवर थरथरत होता आणि डाव्या हाताने ते तो दाबून धरत होते.

“मी चुकीचं माणूस निवडलं,” ते मला म्हणाले. “आणि आता दुसरं शोधायला वेळ नाही.”

त्यानंतरच्या शनिवारी, दिवाळीच्या तोंडावर, प्रमिलाताई परत आल्या. वर्गाला वाटायला चकल्यांचा डबा घेऊन त्या तासभर आधीच आल्या. फडके पाहून त्या थबकल्या.

“वॉरन, याला काय झालं?”

“रक्त. रुचाचं. ती आता येत नाही.”

ताईंनी फडके सोडले. त्या खाली वाकल्या, चष्मा वर केला आणि डागाला नाक लावण्याइतक्या जवळ गेल्या. मग हळूच सरळ झाल्या.

“हा डाग कधीचा?”

“दोन आठवड्यांपूर्वीचा.”

“वॉरन, मी पस्तीस वर्षं रक्त बघण्यात घालवली. दोन आठवड्यांचं रक्त असं लालभडक राहतं का? ते दुसऱ्या दिवशीच तपकिरी पडायला लागतं. तुझी आयुष्यात इतक्या वेळा बोटं कापली, तुला माहीत नाही?” त्यांचा आवाज बारीक झाला. “हे कुंकू आहे. आमच्या पूजेचं. मी लावलं. तुला न विचारता लावलं, आणि निघून गेले. इट्स माय फॉल्ट.”

वॉरन खाली जमिनीवर बसले.

“तुझी चूक नाही,” ते म्हणाले. “मी प्रत्येक वर्गात या खांबासमोर वाकतो. चौदा दिवस हा रंग बदलला नाही आणि मी फडकं उचलून एकदाही पाहिलं नाही. मला तिच्यात राग दिसेल, याची आधीपासून भीती होती. म्हणून दिसला.”

ताई म्हणाल्या, रुचाकडे मी गाडीने नेते. वॉरन नको म्हणाले. वर्गाला सुट्टी देऊन ते काठी टेकत उतार उतरले आणि एकटेच फेरीत बसून पलीकडे गेले. तिथे काय बोलणे झाले, ते मला माहीत नाही. पण बुधवारी जिन्यावर दोन पावले वाजली, एक काठीबरोबर आणि एक ओळखीचे.

सगळे रांगेत उभे राहिल्यावर वॉरन रुचासमोर आले. एकोणऐंशी वर्षांच्या त्या माणसाने गुडघे टेकले, दोन्ही हात जमिनीवर ठेवले आणि कपाळ जमिनीला लावले. उजवा हात जमिनीवरही थरथरत होता. रुचा एकदम गोंधळली. तिच्या तोंडून मराठीच बाहेर पडले.

“अहो सेन्सेई, नका ना असं! मावशी, सांगा ना त्यांना!” आणि तीही खाली बसून त्यांच्या पायांना हात लावू लागली.

“राहू दे गं,” प्रमिलाताई डोळे पुसत म्हणाल्या. “त्यांना करू दे.”

वॉरन उठून बसले. रुचा मान खाली घालून म्हणाली, “पण सेन्सेई, कुंकू असो की रक्त, मी रागाने मारलं हे खरं आहे.”

“किती ठोसे?”

“सहा.”

“सहाच? आणि सातवा?”

“थांबवला.”

“का?” वॉरननी विचारले. तो शब्द यायला अडीच आठवडे लागले होते.

“त्या दिवशी नागपूरला बाबांचं हार्टचं ऑपरेशन होतं,” ती म्हणाली. “माझं वर्क परमिट रिन्यूवलला अडकलंय. गेले असते तर परत येता आलं नसतं, म्हणून मी गेले नाही. मी कोणाला मारत होते मला माहीत नाही. मग वाटलं, या खांबाने काय केलंय? आता बाबा बरे आहेत.”

वॉरननी मान हलवली. “माझे गुरू वारले तेव्हा मीही असाच जाऊ शकलो नाही. त्या रागाचा सातवा ठोसा थांबवायला मला अकरा वर्षं लागली. तुला एक संध्याकाळ लागली.”

मग ते सगळ्यांना म्हणाले, “नियम तसाच राहील. खांबासमोर चूक झाली आहे, ती माझी आहे. आजपासून महिनाभर मी खांबाला शिवणार नाही. वर्ग रुचा घेईल.”

प्रमिलाताईंनी एकदम मान वर केली. त्या मुठीत आता किती महिने उरले आहेत, हे त्यांना ठाऊक होते. पण त्या बोलल्या नाहीत. मीही बोललो नाही. मला बोलता आले असते, तरी त्या वेळी मी गप्प राहिलो असतो.

तो महिना रुचाने वर्ग घेतला. वॉरन भिंतीपाशी खुर्चीत बसून पाहत. पहिल्याच दिवशी तिने एक नवा नियम केला. दोरावर डाग दिसला, तर पाहणाऱ्याने शिक्षा सांगायच्या आधी ‘का’ असे विचारायचे आणि उत्तर पूर्ण ऐकून घ्यायचे. वॉरननी तो आपल्या म्हाताऱ्या गुरुजींच्या दोन नियमांखाली, थरथरत्या अक्षरांत, तिसरा म्हणून लिहिला. तो कागद माझ्या शेजारच्या भिंतीवर आहे.

महिना भरला त्या शनिवारी बाहेर पहिला बर्फ पडत होता. डागाळलेला दोर सोडायचा होता. वॉरननी पेंढा भिजवला, पण त्यांची बोटे पीळ धरेनात. रुचा शेजारी बसली आणि तिने वळायला घेतले. वॉरननी फक्त दुसरे टोक धरून ठेवले. जुना कुंकवाचा दोर प्रमिलाताईंनी रुमालात बांधून घरी नेला. नवा दोर बांधून झाल्यावर सगळे बाजूला झाले.

वॉरन माझ्यासमोर वाकले. उजवा हात त्यांनी कमरेशी नेला आणि मूठ वळायचा प्रयत्न केला. बोटे अर्धी मिटली आणि थांबली. पुन्हा एकदा प्रयत्न केला. मग त्यांनी तो हात तसाच पुढे आणला आणि उघडा तळवा माझ्या नव्या दोरावर ठेवला. माझ्यासमोर वाकूनही त्या हाताने मला मारले नाही, असे सत्तेचाळीस वर्षांत पहिल्यांदाच झाले. त्यांचा हात थरथरत होता आणि त्याच्याबरोबर मीही थोडासा हलत होतो. मग त्यांनी खिशातून किल्ली काढून रुचाच्या ओंजळीत ठेवली.

मित्रांनो, मी लाकूड आहे, मला मारलेत तरी चालेल. वापरून झाल्यावर माझी धूळ पुसा, दोर सैल झाला तर घट्ट करा, एवढेच माझे मागणे आहे. पण एखाद्या माणसावर डाग दिसला, तर त्याच दिवशी त्याच्यापाशी बसा आणि त्याला का ते विचारा. फडके बांधून ठेवू नका. माझ्या वॉरनना मूठ वळता येत होती, असा शेवटचा महिना त्यांनी भिंतीपाशी खुर्चीत बसून काढला. मी समोरच उभा होतो.